रेक्यानेसची लाव्हा टूर आणि शेवटी ब्लू लगून : काही महिन्यांनंतरचा अनुभव

आइसलँडहून आल्या आल्या हा रिव्ह्यू लिहिला असता तर सगळा ब्लू लगून या गरम पाण्याच्या स्पावरच झाला असता. तेव्हा घरात सगळ्यांच्या तोंडी तेच होतं, निळं पाणी, वाफा, तोंडाला पांढरा लेप लावलेले फोटो. टूर झाली सप्टेंबर २०२५ मधे, त्यालाही आता बरेच महिने झालेत, आणि गंमत म्हणजे लगूनचा विषय घरात आता कोणी काढत नाही, बोलणं होतं ते त्याआधीच्या पाच-सहा तासांबद्दल. म्हणून आता लिहितेय, आणि जे विचारतात "स्पासाठी ही टूर घ्यावी का" त्यांना माझं उत्तर असं की स्पासाठी घेऊ नका, लाव्हासाठी घ्या, स्पा काय शेवटी येतोच.

आम्ही चौघं होतो, मी, नवरा, कॉलेजातली मुलगी आणि माझी आई. आईचे गुडघे दुखतात हे आधीच सांगते कारण पुढे चालण्याबद्दल जे लिहिलंय ते तिच्या हिशोबाने लिहिलंय.

टूर म्हणजे काय तर रेक्याविकहून सकाळी मिनीबस निघते आणि रेक्यानेस द्वीपकल्प फिरवून दुपारनंतर ब्लू लगूनला सोडते, दोन-तीन तासांनी तीच बस परत आणते. हॉटेलच्या दारात गाडी येईल अशी अपेक्षा ठेवू नका, शहराच्या मध्यभागात मोठ्या टूर बसेसना बंदी आहे म्हणून नंबर घातलेले बसस्टॉप ठरवून दिलेत, तुमच्या हॉटेलजवळचा नंबर शोधून तिथे जाऊन उभं राहायचं. आमची गाडी चांगली अर्धा तास उशिरा आली आणि तोपर्यंत त्या वाऱ्यात आमची पार वाट लागली. कंपनीचं नाव लिहीत नाही, अशा डझनभर कंपन्या आहेत आणि बहुतेकांचा रूट थोड्याफार फरकाने हाच असतो. आमच्या कंपनीने आणखी एक केलं, समुद्रकाठचा एक थांबा वाऱ्यामुळे रद्द केला, ते ठीक आहे, पण वाचलेला वेळ दुसरीकडे दिला नाही, सरळ गिफ्ट शॉप असलेल्या कॅफेत नेऊन बसवलं. बुकिंग करताना "थांबा रद्द झाला तर काय" हे नक्की विचारा.

गाइड मात्र भारी होता. तिथलाच, बोलायला मोकळा आणि फेकाफेकी न करणारा. हे शेवटचं महत्त्वाचं, कारण या टूरमधे एक जागा आहे जिथे हमखास फेकतात, दोन खंडांमधला पूल. एका फटीवर बांधलेला १५ मीटरचा लोखंडी पूल आहे, खाली काळी वाळू, अलीकडे उत्तर अमेरिका आणि पलीकडे युरोप असं म्हणून लोक मधे उभं राहून हात पसरून फोटो काढतात. आम्हीही काढले. मग गाइड म्हणाला, फोटो झाले असतील तर खरं सांगतो, दोन प्लेट्सची, म्हणजे पृथ्वीच्या कवचाच्या दोन मोठ्या तुकड्यांची, हद्द अशी एका भेगेत नसते, कित्येक किलोमीटर रुंद पट्टा असतो आणि त्यात अशा शेकडो भेगा आहेत, ही त्यातली एक दिसायला सोयीची. प्लेट्स वर्षाला साधारण २ सेंटिमीटर लांब जातात हे खरं, आणि अटलांटिकच्या तळाशी असलेली डोंगररांग समुद्रातून जमिनीवर चढते ती या द्वीपकल्पाच्या टोकाला, हेही खरं. फोटो मारून पुढच्या थांब्याकडे पळणाऱ्या गाइडपेक्षा असा माणूस मिळाला तर नशीब समजा.

पहिला थांबा क्लेइवारवात्न नावाचं तळं. दिसायला साधंच, काळी किनार, वर ढग, मुलगी बसमधून उतरायलाही तयार नव्हती. पण २००० सालच्या भूकंपांनंतर या तळ्याच्या तळाला भेगा गेल्या आणि पाणी खाली झिरपून तळं आटायला लागलं, पातळी चार मीटरच्या आसपास खाली गेली, असं ऐकल्यावर तीच उतरून काठापर्यंत गेली. तिथून जवळच सेल्तून, क्रिसुविकचा गरम झऱ्यांचा भाग. लाकडी फळ्यांची वाट, दोन्ही बाजूंना पिवळी-लाल-राखाडी माती, वाफा, आणि वास. वासाबद्दल सांगायलाच हवं, सडक्या अंड्याचा वास येतो, गंधकाचा, पाच मिनिटांत नाकाला सवय होते पण जॅकेटला दोन दिवस राहतो. फळ्यांच्या वाटेवरून खाली उतरू नका, बाजूची जमीन घट्ट वाटते पण खाली उकळतं पाणी असू शकतं, तशा पाट्याही आहेत. आईला ही वाट जमली, थोडाच चढ आहे आणि तो नको असेल तर खालूनही बरंच दिसतं.

यानंतरचा भाग मला सगळ्यात जास्त आवडला त्यामुळे इथे जरा जास्त लिहिणार आहे. दक्षिण किनाऱ्याच्या रस्त्याने गेलं की फाग्रादाल्सफ्यालचा लाव्हा येतो. १९ मार्च २०२१ ला इथे जमीन फाटली, या द्वीपकल्पावर जवळपास ८०० वर्षांनी झालेला पहिला उद्रेक, आणि सहा महिने लाव्हा वाहत राहिला. आज तिथे दरीत काळ्या दगडाचा प्रवाह थांबल्यासारखा दिसतो, गाडी लावून थोडं चाललं की त्याच्या काठाशी हात लावता येतो. वर चढायचं नाही, वरचा थर काही ठिकाणी पातळ असतो आणि आत अजून उष्णता असते. आम्ही काठावरच उभे राहिलो, आणि माझा नवरा जो दर पावसाळ्यात सह्याद्रीत भटकतो तो खाली वाकून दगड बघत बसला आणि म्हणाला, अगं हे तर सिंहगडाच्या वाटेवरचेच दगड आहेत, फक्त ताजे. तीच छोटी छोटी भोकं, गॅसचे बुडबुडे अडकून झालेली, तोच दोरखंडासारखा पीळ पडलेला पृष्ठभाग.

आणि ते खरंच तसं आहे. आपला सगळा सह्याद्री म्हणजे बेसॉल्ट, साधारण ६.६ कोटी वर्षांपूर्वी थरावर थर लाव्हा साठून झालेला. आपल्याकडेही एखादा शंकूसारखा ज्वालामुखी नव्हता, जमिनीला लांब लांब भेगा पडून त्यातून लाव्हा पसरला, इथेही तसंच होतं, फक्त आकार बघायला गेलं तर आपल्यापुढे हे पिल्लू आहे, डेक्कन ट्रॅप, म्हणजे आपला हा लाव्हाच्या थरांचा प्रदेश, आज उरलाय तोच सुमारे पाच लाख चौरस किलोमीटर. गाइडला सांगितलं तर त्याला डेक्कन माहीत होतं, तो उलट आम्हालाच विचारायला लागला की दोन थरांमधली लाल माती तुमच्याकडे दिसते का. दोन उद्रेकांमधे मोठा काळ गेला की वरच्या दगडाची माती होते आणि पुढचा लाव्हा येऊन ती भाजून लाल करतो. दिसते हो, घाटात रस्त्यासाठी डोंगर कापलाय तिथे काळ्या दगडामधे आडवा लाल पट्टा दिसतो तोच हा. इतकी वर्षं कसारा घाटातून जाताना आम्ही तो पट्टा बघत होतो आणि तो काय आहे हे आइसलँडमधे कळलं. आता नाशिकला जाताना मुलगी मोबाईल बाजूला ठेवून पट्टे शोधते, हा या टूरचा न छापलेला फायदा.

नंतर ग्रिंदाविक. ही जागा बघून मजा वगैरे येत नाही, ते आधीच सांगते. पावणेचार हजारांच्या आसपास वस्तीचं मासेमारीचं गाव, १० नोव्हेंबर २०२३ च्या रात्री सगळं रिकामं केलं, खाली मॅग्मा, म्हणजे वितळलेला खडक, घुसल्यामुळे जमीन फाटायला लागली होती. १४ जानेवारी २०२४ ला लाव्हा गावात शिरला आणि तीन घरं जळाली. डिसेंबर २०२३ पासून ऑगस्ट २०२५ पर्यंत या भागात ९ उद्रेक झाले. बसमधून जाताना घरं दिसतात, पडदे तसेच, आणि रस्त्याच्या कडेला भेगांभोवती कुंपण. आमच्या गाइडने इथे फोटो काढू नका असं सांगितलं नाही पण स्वतः बोलायचं थांबला आणि बसमधले बाकीचेही गप्प झाले. एकाच गोष्टीबद्दल त्याने नंतर सांगितलं, फेब्रुवारी २०२४ च्या उद्रेकात लाव्हाने गरम पाण्याची मुख्य पाइपलाइन तोडली आणि ऐन हिवाळ्यात वीस हजारांहून जास्त लोकांच्या घरातलं हीटिंग बंद पडलं. ज्या जमिनीखालच्या उष्णतेवर घरं गरम होतात तिनेच पाइप तोडला.

गुन्नुक्वेर हा चिखलाचा झरा मुलीला आवडला, राखाडी चिखल पिठल्यासारखा रटरटत असतो आणि वाफ इतकी की वारा फिरला की समोरचा माणूस दिसेनासा होतो. गुन्ना नावाच्या बाईचं भूत इथे कोंडलंय अशी गोष्ट आहे, भाडं थकलं म्हणून तिचं पातेलं जप्त केलं, त्या रागात ती मेली आणि भूत होऊन छळायला लागली, शेवटी एका पाद्र्याने तिला दोऱ्याचा गुंडा धरायला दिला आणि तो गुंडा घरंगळत तिला या झऱ्यात घेऊन गेला. आई म्हणाली, पातेलं घेतल्यावर कोण चिडणार नाही. जवळच समुद्रकडा आहे, वारा उभं राहू देत नाही, लांब समुद्रात एल्डे नावाचा खडक दिसतो जिथे १८४४ मधे ग्रेट ऑक या आता नामशेष झालेल्या पक्ष्याची शेवटची जोडी मारली गेली. इथे आम्हाला जेमतेम दहा मिनिटं दिली, कमी आहेत.

आता लगून. बरेच जण समजतात की हा नैसर्गिक झरा आहे, तसं नाही. शेजारी स्वार्त्सेंगीचं भूऔष्णिक, म्हणजे जमिनीखालच्या उष्णतेवर चालणारं, वीजकेंद्र आहे, ते १९७६ मधे सुरू झालं, खोलवरून काढलेलं गरम खारं पाणी वापरून झाल्यावर लाव्हाच्या माळावर सोडून द्यायचे, मुरून जाईल या हिशोबाने. पण पाण्यातल्या सिलिका नावाच्या खनिजाने दगडाची भोकंच बुजवली आणि तळं झालं. १९८१ मधे सोरायसिस हा त्वचेचा आजार असलेला एक माणूस परवानगी काढून त्यात उतरला, त्याला बरं वाटलं, मग लोक यायला लागले, १९८७ मधे आंघोळीची रीतसर सोय झाली. निळा रंगही सिलिकामुळेच, ओंजळीत घेतलं तर पाणी पांढुरकं दिसतं. आता कारखान्याचं सोडलेलं पाणी म्हटल्यावर माझ्या नवऱ्याचं तोंड वाकडं झालं होतं, पण ते स्वच्छ असतं, साधारण ४० तासांत सगळं पाणी बदलतं.

आत जाणाऱ्या आपल्या लोकांसाठी काही गोष्टी. पाण्यात उतरण्याआधी साबण लावून, अंगावर काहीही कपडे न ठेवता आंघोळ करणं सक्तीचं आहे, हे ऐकून आई बसमधेच म्हणाली मी बाहेर बाकावर बसते. पण दाराच्या बंद शॉवर खोल्या आहेत, सगळ्यांसमोर काही नाही, तेव्हा घरातल्या मोठ्यांना आधीच सांगून ठेवा. केस भिजवायच्या आधी कंडिशनर भरपूर थापा आणि केस वर बांधा, सिलिकाने केस खराट्यासारखे ताठ होतात, मुलीने ऐकलं नाही आणि आठवडाभर कंगवा चालेना. दागिने लॉकरमधे ठेवा. आईने मंगळसूत्र काढलं पण जोडवी काढायला ठाम नकार दिला, त्या दिवसभराच्या गंधकाने चांदी काळी पडली, घरी आल्यावर टूथपेस्टने घासून साफ झाली, पण भारी कोरीव काम असेल तर नका नेऊ. पैसे मनगटावरच्या पट्ट्यावर चढतात आणि बाहेर पडताना भरायचे, त्यामुळे आत मुलं काय काय घेतायत त्यावर लक्ष ठेवा. २ वर्षांखालच्या बाळांना प्रवेश नाही.

पाणी साधारण ३७ ते ४० अंश. आमच्या वज्रेश्वरीच्या कुंडांत पाय बुडवताना जसा चटका बसतो तसा इथे नाही, इथे तासभर आरामात पडून राहता येतं. दिवसभर वाऱ्याने गोठल्यावर पाण्यात उतरलं की आईच्या तोंडून "आई गं" एवढंच निघालं. तिच्या गुडघ्यांना दोन दिवस बरं वाटलं, त्यानंतर जैसे थे, चमत्काराची अपेक्षा ठेवू नका. लेपाची ट्यूब विकत घेतली होती, अजून अर्धी शिल्लक आहे, चेहरा मऊ होतो हे खरं, पण त्या किमतीला परत घेणार नाही.

तिकिटाचे दर दिवस आणि वेळेप्रमाणे बदलतात, संध्याकाळचा उशिराचा स्लॉट बरेचदा स्वस्त पडतो. टूरच्या किमतीत प्रवेश धरलाय की नुसतं सोडणार आहेत हे नीट वाचा, काही टूर्स फक्त सोडतात. आणि नोव्हेंबर २०२४ च्या उद्रेकात इथला पार्किंगच लाव्हाखाली गेलाय, येताना रस्ता त्या नव्या काळ्या दगडावरूनच जातो, दोन्ही बाजूंना मातीचे उंच बांध घातलेत. म्हणजे तुमच्या तारखेला सगळं अचानक बंद होऊ शकतं, ते धरूनच प्लॅन करा, ही टूर शेवटच्या दिवसावर ठेवू नका आणि पैसे परत मिळणारं बुकिंगच घ्या.

खायचं म्हणाल तर शाकाहारी लोकांचे हाल नाहीत पण महाग आहे, आम्ही दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी नेली होती, ती त्या कॅफेच्या बाहेरच्या बाकावर बसून खाल्ली. बूट वॉटरप्रूफ हवेत, छत्रीचा काही उपयोग नाही, उलटी होते. बुकिंग करताना दोन टूर्सची तुलना करत असाल तर लगूनमधे किती तास हे नंतर बघा, आधी बघा लाव्हाच्या काठावर किती वेळ उतरवतात, अर्ध्या तासापेक्षा कमी असेल तर दुसरी शोधा. लहान ग्रुपची थोडी महाग टूर घेतलीत तर तेवढा वेळ मिळतो, मोठ्या बसमधे माणसं मोजण्यातच निम्मा थांबा जातो.