‘फुल अँड फायनल’चा छापील संच: हिशेबाला बरा, राजीनाम्याला घातक

सांगली-मिरजेत हजेरीपत्रकं विकणाऱ्या स्टेशनरीच्या दुकानात कामगाराला कमी करताना ‘फुल अँड फायनल’साठी, म्हणजे शेवटच्या हिशेबासाठी, लागणाऱ्या कागदांचा छापील संच मिळतो. नोटीस, हिशेबपत्रक, ना-देय दाखला (काही देणं उरलं नसल्याचा), सेवेचा दाखला, पैसे मिळाल्याची पावती आणि कुणी न मागता मागे जोडलेला ‘स्वखुशीने राजीनामा’. कुपवाड एमआयडीसीतल्या दहा-पंधरा माणसांच्या वर्कशॉपला एचआरचा माणूस परवडत नाही, तिथे हाच संच चालतो.

संचाचे पैसे वसूल होतात ते हिशेबपत्रकात. शिल्लक रजा, नोटीस पगार, बोनस, उचल अशी प्रत्येकाची वेगळी ओळ आहे. गाडी अडते ग्रॅच्युइटीवर, म्हणजे नोकरी सुटताना सेवेच्या वर्षांनुसार मिळणाऱ्या रकमेवर. पत्रकात महिन्याच्या पगाराला ३० ने भागायला छापलंय, कायद्यात भागाकार २६ चा आहे. मूळ पगार अधिक महागाई भत्ता १५,६०० रुपये आणि सेवा ७ वर्षं ८ महिने धरा. सहा महिन्यांवरचा तुकडा पूर्ण वर्ष मोजतात, म्हणजे ८ वर्षं. २६ ने दिवसाचा पगार ६०० रुपये पडतो. दर वर्षाला १५ दिवसांच्या हिशेबाने ७२,००० होतात. ३० ने भागलं की ६२,४००. छापखान्याच्या एका आकड्यापायी ९,६०० रुपये गेले! मालकाचाही यात फायदा नाही, कारण फरक पुढे व्याजासकट मागता येतो.

दुसरी खोट म्हणजे छाटणीची भरपाई आणि ग्रॅच्युइटीला मिळून एकच रकाना. या दोन्ही रकमा वेगळ्या आणि दोन्ही द्यायच्या. काम कमी झालं म्हणून वर्षभर सलग सेवा झालेल्या कामगाराला काढलं, तर महिन्याची कारणासह लेखी नोटीस किंवा तेवढा पगार, शिवाय दर वर्षामागे १५ दिवसांचा सरासरी पगार लागतो. ही भरपाई काढतानाच हातात पडली पाहिजे. ‘पुढच्या महिन्यात बघू’ म्हटलं की छाटणीच बेकायदा ठरते.

नोटिशीचा कागद जुना आहे. त्यावर अजून औद्योगिक विवाद कायदा, १९४७ छापलेला. २१ नोव्हेंबर २०२५ पासून त्याची जागा औद्योगिक संबंध संहितेने घेतली. त्याहून वाईट म्हणजे कारणाच्या जागी ‘वर्तन समाधानकारक नसल्याने’ हे आधीच छापून ठेवलंय. हे वाक्य म्हणजे गैरवर्तनाचा ठपका. आरोपपत्र आणि चौकशी न करता ठपका ठेवून काढलेला माणूस बहुधा केस जिंकतो. ती ओळ खोडा, खरं कारण लिहा. कामगाराने नोटीस घेतली नाही, तर स्पीड पोस्टाने पाठवा, तीही दोन पत्त्यांवर: कुपवाडची भाड्याची खोली आणि आधारवरचं तासगाव किंवा कवठेमहांकाळकडचं गाव.

पावतीवर रेव्हेन्यू तिकिटाची जागा आहे, ५,००० च्या वरच्या पावतीला ते लागतंच. पण ‘आता माझी कोणतीही मागणी उरली नाही’ या ओळीखाली रक्कम आणि तारीख कोरी आहे. कामगाराने खात्यावर पैसे दिसेपर्यंत सही करू नये. आधी झालीच, तर सहीशेजारी ‘रक्कम मिळाली नाही’ असं लिहून कागदाचा फोटो घ्यावा. मालकाने काढल्यावर राहिलेला पगार दुसरा कामाचा दिवस संपण्याआत द्यायचा असतो, ग्रॅच्युइटी ३० दिवसांत. पावतीत मात्र दोन्हींना मिळून तारखेची एकच जागा.

राजीनाम्याचा कागद मालकाने स्वतःच फाडून टाकावा. काढण्याची नोटीस आणि स्वखुशीचा राजीनामा एकाच तारखेचे निघाले, तर ‘दबावाने सही घेतली’ हे कामगाराला वेगळं सिद्ध करायची फारशी गरजच उरत नाही. आणि नोटिशीशिवाय नुसत्या राजीनाम्यावर कामगाराने सही केली, तर छाटणीची भरपाई मागणं अवघड जातं.

सेवेचा दाखला सुटसुटीत आहे, तसाच वापरा.

पीएफचा मात्र संचात पत्ताच नाही. पीएफच्या पोर्टलवर नोकरी सोडल्याची तारीख मालकाने टाकायची असते, म्हणून हिशेबपत्रकाच्या तळाला हाताने एक ओळ वाढवून तारीख टाकल्यावर मालकाची सही घ्यावी. मालकाने टाळाटाळ केली, तर शेवटच्या वर्गणीनंतर दोन महिन्यांनी कामगार ती स्वतः टाकू शकतो. त्यासाठी आधारला जोडलेला मोबाइल नंबर चालू हवा. कंपनीने दिलेलं सिम परत करण्याआधी एवढं तपासून घ्यावं.