एव्हा डालबेक की हॅरिएट अँडरसन: आधी कुणाचे चित्रपट पाहावेत?

या दोन स्वीडिश अभिनेत्रींना दिग्दर्शक इंगमार बर्गमनने घडवलं, असं सरसकट म्हटलं जातं. डालबेकपुरतं ते फारसं खरं नाही. तिचा जन्म १९२०चा. स्टॉकहोमच्या ‘ड्रामाटेन’ या राष्ट्रीय नाट्यगृहाच्या शाळेत ती शिकली आणि १९४२पासून पडद्यावर होती. ‘वेटिंग विमेन’मध्ये (१९५२) बर्गमनच्या हाती आली ती तयार नटी. अँडरसन तिच्याहून बारा वर्षांनी लहान. तिला जगाने ओळखलं ते थेट ‘समर विथ मोनिका’मुळे (१९५३).

डालबेकची ताकद संवादात आहे. ‘वेटिंग विमेन’मध्ये बंद पडलेल्या लिफ्टमध्ये ती आणि गुन्नार ब्योर्नस्ट्रांड हे नवरा-बायको अडकतात. तो प्रसंग रंगतो तो तिने वाक्य कुठे तोडलं, कुठे थांबली यावर. सबटायटल आधीच वाचून टाकलं की विनोद हातचा जातो, म्हणून तिचे असे प्रसंग दोनदा पाहावेत. डबिंग तर नकोच. अँडरसनचं काम चेहऱ्यावर आणि देहबोलीवर चालतं. मोनिका थेट कॅमेऱ्यात पाहत राहते, मागचा प्रकाश विझत जातो. तिथे वाचण्यासारखं काहीच नसतं. सबटायटलची सवय नसेल तर अँडरसनपासून सुरुवात सोपी.

एकच संध्याकाळ असेल तर ‘स्माइल्स ऑफ अ समर नाइट’ (१९५५, १०८ मिनिटं): डालबेक नाटकातली नटी, अँडरसन मोलकरीण. ‘अ लेसन इन लव्ह’मध्ये (१९५४) तर त्या चक्क मायलेकी आहेत, आणि बारा वर्षांचं अंतर कुठे खटकत नाही!

फसगत दोन ठिकाणी होते. ‘मोनिका’ची अमेरिकेत ६२ मिनिटांची, इंग्रजीत डब केलेली आवृत्ती काढली होती, संगीतही बदलून. मूळ चित्रपट साधारण ९६ मिनिटांचा, तेव्हा आधी लांबी तपासा. दुसरं, दोघींची नावं दिसली म्हणून ‘ऑल दीज विमेन’ (१९६४) लावू नका. बर्गमनचा पहिला रंगीत चित्रपट, पण विनोद ओढूनताणून आणलेला. त्याच वर्षीचा, दिग्दर्शिका माय सेटरलिंगचा ‘लव्हिंग कपल्स’ बघा, त्यातही दोघी आहेत.

डालबेकने १९७०मध्ये अभिनय सोडला आणि लेखनाला वाहून घेतलं. त्यामुळे तिचा मुख्य ऐवज चार-पाच शनिवार-रविवारांत आटोपतो. ‘ब्रिंक ऑफ लाइफ’ (१९५८) मात्र चुकवू नये: प्रसूतिगृहातली कथा, कान चित्रपट महोत्सवात अभिनयाचा पुरस्कार तिला तीन सहनट्यांसह विभागून मिळाला. अँडरसनचा पल्ला लांब: ‘थ्रू अ ग्लास डार्कली’ (१९६१), ‘टू लव्ह’साठी व्हेनिस चित्रपट महोत्सवाचा पुरस्कार (१९६४), ‘क्राइज अँड व्हिस्पर्स’ (१९७२), थेट ‘डॉगव्हिल’पर्यंत (२००३). यातला ‘क्राइज अँड व्हिस्पर्स’ शेवटाकडे ठेवा. मरणाच्या वेदना तिने इतक्या उघड्या दाखवल्या आहेत की तो आधी पाहिला तर ‘मोनिका’ पाहायला बसायचं मनच होत नाही.