लाँगेअर की रिबिकी-लाइटमन: हाय एनर्जीसाठी आधी कोणतं घ्यावं

गॅलेक्सीचं डायनॅमिक्स (तारे गुरुत्वाकर्षणाखाली कसे फिरतात ते) शिकायचं असेल तर पुस्तकावरून फारसा वाद होत नाही, फिरून फिरून गाडी बिनी-ट्रेमेनच्या 'गॅलॅक्टिक डायनॅमिक्स'वरच येते (२००८ ची दुसरी आवृत्ती बघा, १९८७ ची हाती लागली तरी). बाकी काही घेतलं तर ते सोबतीला. खरी ओढाताण सुरू होते ती हाय एनर्जीकडे, म्हणजे जेट (ब्लॅक होलजवळून सुटणारे वेगवान झोत), सिंक्रोट्रॉन (चुंबकीय क्षेत्रात गरगरणाऱ्या वेगवान इलेक्ट्रॉनचं रेडिएशन), एक्स-रे या बाजूला वळलात की. तिथे दोन नावं हमखास कानावर येतात, माल्कम लाँगेअरचं 'हाय एनर्जी अॅस्ट्रोफिजिक्स' आणि रिबिकी-लाइटमनचं 'रेडिएटिव्ह प्रोसेसेस इन अॅस्ट्रोफिजिक्स'. दोन्ही घ्या असं सांगणारे बरेच भेटतात, पण दोन्ही एकदम कोणी वाचत नाही, एक टेबलावर उघडं राहतं आणि दुसरं कपाटात जातं. तर टेबलावर कोणतं, एवढंच बोलूया.

आधी लाँगेअर. २०११ ची तिसरी आवृत्ती एका खंडात आहे, आधीची दुसरी १९९२ आणि १९९४ अशी दोन खंडांत होती, त्यामुळे कोणी जुनं देत असेल तर कोणता खंड देतोय ते विचारून घ्या. वाचायला हे पुस्तक गोड आहे, खरंच. सुरुवातीलाच तारे, गॅलेक्सी, क्लस्टर यांची ओळख, मग फिजिक्स, मग आपल्या आकाशगंगेतलं हाय एनर्जी, आणि शेवटी अॅक्टिव्ह गॅलेक्सीज (केंद्रातल्या ब्लॅक होलमुळे प्रचंड तळपणाऱ्या). म्हणजे समीकरण कशासाठी मांडतोय हे आधी कळतं. त्वरण मिळालेला चार्ज रेडिएशन का देतो हे तो जे. जे. थॉमसनच्या पद्धतीने दाखवतो, चार्जला धक्का बसला की फील्ड लाइनमध्ये जी वाकडी घडी पडते ती बाहेर पळत जाते, आणि तीच तुमची लहर. हे एकदा बघितलं की लार्मरचा फॉर्म्युला (अशा चार्जच्या रेडिएशनची पॉवर देणारा) पाठ करायला लागत नाही. कॉस्मिक रे (अवकाशातून येणारे वेगवान कण) आणि शॉकमध्ये (वायूतल्या धक्क्याच्या लहरीत) कण कसे वेग घेतात यावरही नीट प्रकरणं आहेत, आणि या बाबतीत दुसऱ्या पुस्तकाकडे द्यायला काहीच नाही.

रिबिकी-लाइटमन १९७९ चं. एकूण अकरा प्रकरणं, गोष्टी वगैरे नाहीत, ट्रान्सफर इक्वेशनपासून (प्रकाश वायूतून जाताना किती वाढतो-घटतो याचं समीकरण) सुरू आणि थेट कामाला. क्वेसार (लांबच्या गॅलेक्सीचं अतिशय तेजस्वी केंद्र) कसा दिसतो, सुपरनोव्हाचे अवशेष किती आहेत, असलं काही शोधायला जाल तर हात हलवत परत याल. शेवटची तीन प्रकरणं अॅटम आणि मॉलिक्यूलवर आहेत, हाय एनर्जीवाले बहुतेक ती उघडतही नाहीत. पण प्रत्येक प्रकरणाखाली गणितं आहेत आणि त्यांची सोडवलेली उत्तरं मागे त्याच पुस्तकात आहेत, एकटं शिकणाऱ्याला याचं मोल फार.

इथपर्यंत वाचून वाटेल की लाँगेअर घ्यावं. मलाही बरेच दिवस तसंच वाटत होतं. माझं मन फिरलं ते एका किरकोळ वाटणाऱ्या गोष्टीमुळे, युनिट्स. लाँगेअर एसआयमध्ये (मीटर, वॅट, टेस्ला) आहे, रिबिकी-लाइटमन सीजीएस गॉशियनमध्ये (सेंटिमीटर, अर्ग, गॉस).

आता कोणी म्हणेल दहाच्या घातांनी गुणायचं, त्यात काय एवढं. एक छोटं गणित घेऊ म्हणजे कळेल. रेडिओ लोबमधला (जेटच्या टोकाशी फुगलेल्या, रेडिओत दिसणाऱ्या ढगातला) इलेक्ट्रॉन आपली एनर्जी सिंक्रोट्रॉनने जास्त घालवतो की सीएमबीच्या (महास्फोटानंतर उरलेल्या, सगळीकडे भरलेल्या रेडिएशनच्या) फोटॉनना धडकून इन्व्हर्स कॉम्प्टनने (आपली एनर्जी फोटॉनला देऊन)? या दोन लॉसेसचं गुणोत्तर म्हणजे चुंबकीय क्षेत्राची एनर्जी डेन्सिटी भागिले फोटॉनची एनर्जी डेन्सिटी. गॉशियनमध्ये पहिली म्हणजे बी (चुंबकीय क्षेत्र) वर्ग भागिले ८ पाय. सीएमबीची आज घन सेंटिमीटरला साधारण ४.२ गुणिले १० चा उणे १३ वा घात अर्ग. दोन्ही समान ठेवले की बी येतं सुमारे ३.२५ मायक्रोगॉस. पेपरमध्ये लोबचं क्षेत्र मायक्रोगॉसमध्येच दिलेलं असतं, त्यामुळे समोरच्या सोर्समध्ये कोण जिंकतंय हे तिथल्या तिथे कळतं. रेडशिफ्ट १ ला (इतक्या लांब की प्रकाशाची तरंगलांबी वाटेत दुप्पट होते) सीएमबी जास्त दाट, त्यामुळे हाच आकडा चौपट, म्हणजे १३ मायक्रोगॉस, आणि लांबच्या लोबमध्ये इन्व्हर्स कॉम्प्टन का डोईजड होतो तेही त्याच ओळीत उलगडतं. एसआयमध्ये हेच बी वर्ग भागिले २ म्यू-नॉट (एसआयमधला चुंबकीय स्थिरांक), आणि उत्तर ०.३२५ नॅनोटेस्ला. चूक काही नाही, पण या आकड्याकडे बघून मला लगेच काही सुचत नाही, आधी मनातल्या मनात गॉसमध्ये न्यावा लागतो, आणि तोवर विचाराचा धागा सुटलेला असतो.

बरं, हे तरी सोपं. आकडा घातलेले फॉर्म्युले घ्या. सिंक्रोट्रॉन पॉवर, पिच अँगलची (इलेक्ट्रॉनचा वेग आणि चुंबकीय क्षेत्र यांच्यातल्या कोनाची) सरासरी घेऊन आणि इलेक्ट्रॉन प्रकाशाच्या वेगाजवळ धरून, एसआयमध्ये १.०६ गुणिले १० चा उणे १४ वा घात गुणिले गॅमा वर्ग बी वर्ग वॅट, बी टेस्लामध्ये, गॅमा म्हणजे इलेक्ट्रॉनची एनर्जी त्याच्या स्थिर एनर्जीच्या किती पट ते. वॅटचे अर्ग केले की झालं असं वाटतं, पण बीचा वर्ग आहे त्यामुळे टेस्लाचा गॉस करताना १० चा उणे ८ वा घात वेगळा येतो, आणि गॉशियनमधला आकडा निघतो १० च्या उणे १५ व्या घातात. आणि जिथे चार्ज आला तिथे तर फॉर्म्युलाच बदलतो, एकीकडे ४ पाय एप्सिलॉन-नॉट (एसआयमधला विद्युत स्थिरांक), दुसरीकडे काहीच नाही, म्हणजे नुसतं गुणून भागत नाही, समीकरण परत मांडायला लागतं. रात्री उशिरा पेपरमधली एक ओळ पडताळायची असते हो, आणि अर्धा वेळ या हमालीत जातो.

लाँगेअरवर हा अन्याय आहे हे मान्य. अख्खं जग एसआय शिकतं, आणि एक्स-रेवाले अजून अर्ग प्रति चौरस सेंटिमीटर प्रति सेकंद धरून बसलेत यात त्या पुस्तकाचा काय दोष. रेडिओवाल्यांचा जान्स्की (रेडिओ सोर्सच्या तीव्रतेचं एकक) तर मुळात वॅट आणि मीटरवरच बांधलेला आहे. तुम्ही सोलर विंड किंवा स्पेस प्लाझ्माकडून येत असाल तर नॅनोटेस्ला तुमच्या रोजच्या बोलण्यातलाच, तुम्हाला हा त्रास जाणवणारही नाही कदाचित. आणि बिनी-ट्रेमेनमधून नुकतेच बाहेर पडला असाल तर हे सगळं नवीनच, कारण तिथे नुसतं गुरुत्वाकर्षण, जी (गुरुत्वाकर्षणाचा स्थिरांक) ४.३० गुणिले १० चा उणे ३ रा घात एवढा धरला की पार्सेक, सूर्यवस्तुमान आणि किलोमीटर प्रति सेकंद यांत सगळं सुखाने चालतं, चार्जची भानगडच नाही.

पुस्तक जुनं आहे याची भीती मात्र फार बाळगू नका. १९७९ म्हटलं की लोक नाक मुरडतात, पण सिंक्रोट्रॉनचं फिजिक्स काही बदललेलं नाही. पॉवर लॉ इलेक्ट्रॉनचा (ज्यांची संख्या एनर्जीच्या ठरावीक घाताने घटत जाते त्यांचा) इंडेक्स पी असेल तर स्पेक्ट्रमचा (पी उणे १) भागिले २, हे तेव्हाही तसंच होतं. उलट शिळं होतं ते निरीक्षणाचं प्रकरण. २०११ च्या पुस्तकात २०१३ चे आइसक्यूबचे (अंटार्क्टिकातल्या वेधशाळेचे) न्यूट्रिनो कुठून येणार, २०१५ मध्ये सापडलेल्या गुरुत्वीय लहरी आणि २०१९ चं एम८७ च्या ब्लॅक होलचं चित्र तर दूरच. तो भाग तुम्ही तसाही नवीन रिव्ह्यू पेपरमधूनच वाचणार.

तर मला तरी वाटतं, शिकवायचं असेल, नाहीतर विषय आवडतोय का हे आधी चाचपायचं असेल, तर लाँगेअर, बिनधास्त. पण डेटा घेऊन बसणार असाल, दुसऱ्याच्या पेपरमधले आकडे रोज तपासणार असाल, तर रिबिकी-लाइटमन टेबलावर ठेवा आणि शॉक, कॉस्मिक रे यांच्यासाठी लाँगेअर लायब्ररीतून आणा. रिबिकी-लाइटमनच्या पहिल्या प्रकरणात फार रेंगाळू नका, त्यातली गणितं तेवढी करा, मग ६ वं सिंक्रोट्रॉनचं आणि ७ वं कॉम्प्टनचं लागोपाठ वाचा, मध्ये अडलं की ३ ऱ्या-४ थ्याकडे मागे या. आणि गणितं सोडवताना मागचं उत्तर लगेच उघडू नका, ते फारच नीट सोडवलेलं असल्यामुळे आपल्याला जमलं असं उगाच वाटतं.