राइट-क्लिक मेनूत आपली ओळ: रजिस्ट्री, जुनी डीएलएल की नवी?

विंडोजच्या फाइल एक्सप्लोररमध्ये राइट-क्लिक केल्यावर आपल्या प्रोग्रॅमची ओळ दिसावी, यासाठी तीन वाटा आहेत: रजिस्ट्रीतली (विंडोजच्या सेटिंग्जच्या साठ्यातली) साधी नोंद, ‘आयकॉन्टेक्स्टमेनू’ इंटरफेसवर लिहिलेली पारंपरिक डीएलएल (दुसऱ्या प्रोग्रॅममध्ये लोड होणारी कोडची फाइल) आणि ‘आयएक्सप्लोररकमांड’वर लिहून पॅकेजमधून नोंदवलेली डीएलएल. डीएलएल म्हटलं की बरेच जण दुसऱ्या वाटेला लागतात, कारण जुनी उदाहरणं तिचीच सापडतात. आज नव्याने सुरुवात करायची असेल, तर तिचा विचार सगळ्यात शेवटी करावा.

आधी रजिस्ट्री. निम्म्या गरजा इथेच भागतात आणि एकही डीएलएल लागत नाही. करंट यूजर > सॉफ्टवेअर > क्लासेस > * > शेल या जागी आपल्या नावाची ‘की’ (रजिस्ट्रीतला फोल्डर) करायची, तिच्याखाली ‘कमांड’ नावाची की, आणि तिच्या डीफॉल्ट व्हॅल्यूत प्रोग्रॅमचा पूर्ण पत्ता व पुढे "%1", म्हणजे निवडलेल्या फाइलचा पत्ता. करंट यूजरखाली लिहिल्यामुळे अ‍ॅडमिन परवानगी लागत नाही. "%1" भोवतीची अवतरणचिन्हं विसरलात, तर ‘लग्नाचे फोटो’ या फोल्डरातल्या फाइलचा पत्ता मोकळ्या जागेवर तुटतो आणि प्रोग्रॅमला दोन अर्धवट तुकडे मिळू शकतात. दुसरा सापळा आपल्याकडचा: देवनागरीसाठी विंडोजमध्ये एएनएसआय कोडपेज (युनिकोडपूर्वीचा अक्षरतक्ता) नाही. प्रोग्रॅम कमांडलाइन जुन्या एएनएसआय पद्धतीने वाचत असेल, तर मराठी नावाच्या जागी नुसती प्रश्नचिन्हं येतात आणि फाइल सापडत नाही. नेहमी युनिकोड आवृत्तीची फंक्शन्सच वापरा. डीएलएलमध्येही हाच नियम.

या वाटेच्या मर्यादा दोन. दहा फाइली निवडल्या की प्रोग्रॅम दहा वेळा सुरू होतो, आणि 15 पेक्षा जास्त निवडल्या की ओळच गायब होते. ‘मल्टिसिलेक्टमॉडेल’ व्हॅल्यू ‘प्लेअर’ केल्यास ही मर्यादा सैल होते, पण फाइलमागे एक प्रोसेस हा हिशोब तसाच राहतो. दुसरी अडचण म्हणजे ओळीचा मजकूर ठरलेला असतो. फाइलच्या स्थितीप्रमाणे तो बदलता येत नाही. ‘अप्लाइजटू’ व्हॅल्यूत अट घालून ओळ दाखवणं-लपवणं जमतं, त्यापलीकडे फारसं नाही.

मजकूर बदलायचा असेल किंवा निवडलेल्या सगळ्या फाइली एकदम हातात हव्या असतील, तेव्हाच डीएलएलची गरज पडते. आता प्रश्न उरतो, कुठली?

जुनी डीएलएल एक्सप्लोररच्या प्रोसेसमध्येच चढते, त्यामुळे ती कोसळली की टास्कबारसकट एक्सप्लोरर कोसळतो. शिवाय फाइल उघडण्याचा डायलॉग दाखवणाऱ्या दुसऱ्या प्रोग्रॅममध्येही ती लोड होऊ शकते. 64 बिट एक्सप्लोररला 64 बिट डीएलएलच लागते आणि 32 बिट प्रोग्रॅमच्या डायलॉगला 32 बिट; म्हणून बांधणी दोन्हींची करावी लागते. सेव्हन-झिपच्या 64 बिट इन्स्टॉलेशनमध्ये मेनूच्या दोन वेगळ्या डीएलएल दिसतात, त्या यामुळेच. डॉटनेटमध्ये ही लिहू नका: एक्सप्लोररमध्ये चढणारी मॅनेज्ड (डॉटनेटवर चालणारी) एक्स्टेंशन्स मायक्रोसॉफ्ट सपोर्ट करत नाही. सी++ हाच सरळ मार्ग.

सगळ्यात जास्त घोळ ‘क्वेरीकॉन्टेक्स्टमेनू’च्या, म्हणजे जुन्या डीएलएलमधल्या ओळी जोडणाऱ्या फंक्शनच्या, रिटर्न व्हॅल्यूत होतो. तीन ओळी जोडल्या आणि त्यांचे ऑफसेट (एक्सप्लोररने दिलेल्या पहिल्या आयडीपासूनचं अंतर) 0, 1, 2 असतील, तर परत 3 द्यायचे, म्हणजे सर्वांत मोठा ऑफसेट अधिक एक. नुसतं ‘एस_ओके’ (म्हणजे 0) परत केलं, तर एक्सप्लोरर समजतो की काहीच जोडलं नाही आणि तेच आयडी पुढच्या एक्स्टेंशनला देतो. मग वापरणारा एका ओळीवर क्लिक करतो आणि भलत्याच प्रोग्रॅमचं काम सुरू होतं. तक्रार मात्र त्या दुसऱ्या प्रोग्रॅमकडे जाते. याच फंक्शनमध्ये फाइल उघडून वाचणंही टाळा. फाइल नेटवर्क ड्राइव्हवर असली, तर वाचन संपेपर्यंत मेनू अडकून पडतो.

नव्या वाटेत ही डोकेदुखी बरीच कमी आहे. ‘गेटटायटल’, ‘गेटस्टेट’, ‘इन्व्होक’ अशी सुटसुटीत फंक्शन्स, आणि आयडींचं गणित नाही. पॅकेजच्या मॅनिफेस्टमध्ये (माहितीच्या फाइलमध्ये) सरोगेट सर्व्हर म्हणून नोंद केली, की डीएलएल ‘डीएलएलहोस्ट’ या वेगळ्या प्रोसेसमध्ये चालते. ती पडली तरी एक्सप्लोरर उभा राहतो. विंडोज 11 मध्ये आणखी एक कारण आहे: पहिल्यांदा उघडणाऱ्या आटोपशीर मेनूत जागा याच वाटेने मिळते. पहिल्या दोन वाटांच्या ओळी ‘शो मोअर ऑप्शन्स’मागे जातात. एकाच प्रोग्रॅमच्या अनेक ओळी असतील, तर विंडोज त्या स्वतःच एका उपमेनूत गोळा करतो. त्यावर आपला ताबा नाही.

किंमत आहे ती पॅकेजची. प्रोग्रॅमला पॅकेज ओळख हवी, म्हणजे पूर्ण एमएसआयएक्स (विंडोजचं इन्स्टॉल-पॅकेज), किंवा नेहमीच्या इन्स्टॉलरसोबत जोडायचं, बाहेरच्या फोल्डरकडे बोट दाखवणारं छोटं पॅकेज. दोन्हींवर डिजिटल सही लागते आणि सहीचं सर्टिफिकेट त्या मशीनच्या विश्वासातलं असावं लागतं. ऑफिसातल्या वीस मशीनसाठी स्वतःचं सर्टिफिकेट ग्रुप पॉलिसीने वाटता येतं. बाहेरच्यांना वाटायचं असेल तर ते सहसा विकत घ्यावं लागतं. फुकटात छोटं टूल वाटणाऱ्याने इथे थांबून रजिस्ट्रीवर समाधान मानलं, तर त्यात काही चूक नाही.

विंडोज 10 वालेही सांभाळायचे असतील, तर दोन डीएलएल लिहू नका. तीच आयएक्सप्लोररकमांड डीएलएल रजिस्ट्रीत शेलखालच्या आपल्या कीमध्ये ‘एक्सप्लोररकमांडहँडलर’ व्हॅल्यू देऊन जुन्या मेनूतही जोडता येते. व्हॅल्यूत क्लासचा सीएलएसआयडी (ओळख क्रमांक) द्यायचा. अशा नोंदणीत मात्र ती पुन्हा एक्सप्लोररमध्येच चढते, म्हणजे सावधगिरी जुन्या डीएलएलइतकीच हवी. इन्स्टॉलरने विंडोजची आवृत्ती बघून एकच नोंदणी करावी, नाहीतर जुन्या मेनूत तीच ओळ दोनदा दिसू शकते.

चाचणी करताना नवी बांधलेली डीएलएल जुन्यावर कॉपी होत नसेल, तर ती कुणीतरी धरून ठेवलेली असते. ‘प्रोसेस एक्सप्लोरर’ या मायक्रोसॉफ्टच्या टूलमध्ये तिचं नाव शोधा, धरणारा कोण ते कळेल. बहुतेक वेळा फाइल एक्सप्लोररच असतो आणि टास्क मॅनेजरमधून तो रीस्टार्ट केला की भागतं. अनइन्स्टॉलरमध्येही हीच पायरी घाला.