बिस्किट जॉइनर घ्यावा की डॉवेल जिग?

हा प्रश्न कुणी विचारला की मी आधी उलट विचारतो, खोकी करणार की खुर्च्या? दोन्ही अवजारं माझ्या बाकावर आहेत, आणि दोन्हींचं काम लाकडाचे दोन तुकडे जोडणं. जॉइनर खाच पाडतो आणि तिच्यात बिस्किट, म्हणजे लाकडाची चपटी चकती बसते. जिग हा ड्रिलला सरळ धरणारा साचा, त्याने पाडलेल्या भोकात डॉवेल, म्हणजे लाकडाची गोल खुंटी बसते. दोन्हींनी माझी कामं निभावली आहेत आणि एकेकदा बिघडवलीही आहेत.

खोकी म्हणजे कपाटं, पेट्या, पुस्तकांची मांडणी, फळ्या जोडून केलेले टेबलाचे माथे. इथे बिस्किट जॉइनरचा हात धरणारं दुसरं काही नाही. मशीन दिसायला लोखंड कापायच्या ग्राइंडरच्या भावकीतलं. साधारण १०० मिमी व्यासाचं पातं पुढच्या चौकटीमागे लपलेलं असतं. मशीन पुढे दाबलं की ते बाहेर येऊन ४ मिमी जाडीची खाच पाडतं, सोडलं की स्प्रिंगने आत जातं. फळ्या जशा जोडायच्या तशा शेजारी ठेवायच्या, सांध्यावरून पेन्सिलीची आडवी रेघ मारायची, मशीनवरची मधली खूण रेघेवर आणायची आणि दाबायचं. मोजपट्टी खिशातच राहते.

खरी गंमत खाचेच्या लांबीत आहे. २० नंबरचं बिस्किट ५६ मिमी लांब, २३ रुंद, ४ जाड. पण पातं १२ मिमी आत गेलं की खाचेचं तोंड ६५ मिमीच्या आसपास उघडतं. त्यामुळे सरस लावून जुळवल्यावरही फळ्या लांबीच्या दिशेने दोन-तीन मिलिमीटर सरकवता येतात. जाडीच्या दिशेने मात्र त्या हलत नाहीत, आणि माथा सपाट यायला तेवढंच पुरतं. खुंटीकडे ही माया नाही. ८ मिमीच्या भोकात ८ मिमीची खुंटी. समोरासमोरच्या भोकांत अर्ध्या मिलिमीटरचा फरक पडला तरी चार खुंट्यांचा सांधा अडून बसतो, आणि हातोडी उचललीत तर फळी चिरते.

बिस्किट दाबलेल्या बीच लाकडाचं असतं. पांढऱ्या सरसातलं पाणी पिऊन ते फुगतं आणि खाचेत घट्ट बसतं. (पॉलियुरेथेन सरसात पाणी नसतं, तिथे या फुगण्यावर विसंबू नका.) स्वित्झर्लंडच्या हर्मान श्टायनर या सुताराने १९५०च्या दशकात ही कल्पना काढली, ती तेव्हा नव्या असलेल्या चिपबोर्डला (लाकडाचा चुरा दाबून केलेल्या फळीला) सोपा सांधा हवा होता म्हणून. आजही चिपबोर्ड, प्लाय आणि एमडीएफ इथेच ते सगळ्यात रमतं.

या फुगण्यानेच मला एकदा धडा शिकवला. टेबलाचा माथा जोडला आणि घाईघाईने दुसऱ्याच दिवशी सँडर फिरवला. पॉलिश चढवून उजेडात तिरका धरला तर सांध्यांवर ओळीने लांबट खळगे. सरसाच्या पाण्याने बिस्किटांवरचं लाकूड वर आलं होतं. मी तो उंचवटा घासून टाकला, आणि पाणी उडाल्यावर तिथलं लाकूड खाली बसलं. आता मी निदान आठवडाभर थांबतो, आणि पातळ फळीत खाच दर्शनी बाजूपासून जरा लांब घेतो.

आता खुर्च्या. पाय आणि आडवी पट्टी यांच्या सांध्यावर माणूस बसतो, मागे रेलतो, कधी दोन पायांवर झुलतोसुद्धा. तिथे प्रत्येक बाजूला जेमतेम ११ मिमी शिरणारं बिस्किट काय धरणार? शिवाय पट्टी ४५ मिमी रुंद असेल तर हिशेबच जमत नाही. नेहमीच्या मापांतली सगळ्यात लहान खाच, म्हणजे ० नंबरची, तीही ५४ मिमीच्या आसपास उघडते आणि दोन्ही कडांतून बाहेर डोकावते. अशा जागी १० मिमीच्या दोन खुंट्या, दोन्हीकडे २५-३० मिमी आत, हाच माझा कौल. कुसू (एका तुकड्याच्या टोकाला कोरलेली, दुसऱ्याच्या खाचेत बसणारी जीभ) घालून केलेला सांधा त्याहून भक्कम, पण त्याला हात आणि वेळ दोन्ही लागतात. याउलट कडेला कड जोडलेल्या फळ्यांत ताकदीचं काम सरसच करतो. तिथे बिस्किट असो वा खुंटी, दोघांचं काम फळ्या एका पातळीत ठेवण्याचं.

डॉवेल जिगचं दुखणं अवजारात नसतं, ते आपल्या शिस्तीत असतं. प्रत्येक तुकड्यावर जिग दर्शनी बाजूलाच टेकवायचा. एकदा जरी पाठीकडून लावला की पायरी पडलीच. ड्रिलच्या बिटवरचा स्टॉप, म्हणजे भोकाची खोली ठरवणारी कडी, दर चार-पाच भोकांनी बघायचा. माझा एकदा नकळत वर सरकला आणि बिट थेट कपाटाच्या दर्शनी बाजूने बाहेर आलं. आणि खुंटी खाचा असलेलीच घ्यावी. गुळगुळीत खुंटी भोकात ठोकली की खाली अडकलेल्या सरसाला वाट मिळत नाही, आणि तो दाबाने लाकूड फाडतो.

देखभालीत मात्र जिग सहज जिंकतो. धारदार बिट आणि बिटला सरळ धरणाऱ्या, न झिजलेल्या पोलादी नळ्या, की झालं. बिस्किट जॉइनर लाड मागतो. चौकट सरकते त्या दांड्यांवर भुसा साचला की मशीन अडखळत पुढे जातं आणि खाच तिरकी पडते. कोरड्या ब्रशने झाडून किंचित मेण लावावं. तेल नको, ते भुसा धरून ठेवतं. खाचेच्या कडा काळपट दिसू लागल्या आणि जळका वास आला की पात्यावर डिंक चढलाय किंवा धार गेलीय. प्लग काढूनच पातं उतरवा, परत बसवताना बाणाची दिशा बघा. फेन्स, म्हणजे मशीनची लाकडावर टेकणारी पट्टी, पात्याला समांतर आहे का, हे बघायला दोन टाकाऊ तुकडे पुरतात. दोघांत दर्शनी बाजूकडून खाच घ्या, बिस्किट घालून जोडा आणि सांध्यावरून नख फिरवा. नख अडकलं तर फेन्सखाली बघा. माझ्याकडे एकदा तांदळाच्या दाण्याएवढी ढलपी अडकली होती, आणि तेवढ्याने सगळे पल्ले अर्धा मिलिमीटर वर-खाली आले होते.

चालवताना एवढंच: तुकडा क्लॅम्पने धरा, हाताने कधीच नको. पातं लाकडाला टेकताना मशीन बाजूला सटकू बघतं, म्हणून आधी पूर्ण वेग येऊ द्या, मग सावकाश दाबा. कानांवर आणि डोळ्यांवर झाकण हवंच.

तिसरा पर्याय फेस्टूल कंपनीच्या डोमिनो या मशीनचा. त्याचं बिट फिरता फिरता डावी-उजवीकडे हलतं आणि लांबट खोल खाच पाडतं, म्हणजे जवळजवळ कुसवाचाच सांधा. खोकी आणि खुर्च्या दोन्ही होतात, पण किंमत वेगळ्याच पंक्तीतली. रोज पोटापाण्यासाठी करत असाल तर जरूर बघा.

नाहीतर, ड्रिल घरात आहे आणि वर्षाला दोन-चार वस्तू होणार असतील तर आधी डॉवेल जिग घ्या. महिन्याला एखादं कपाट उभं राहणार असेल, तर बिस्किट जॉइनर घ्या आणि सोबत घट्ट झाकणाची एक बरणी ठेवा. दमट हवेत उघड्यावर राहिलेली बिस्किटं बसल्या जागी फुगतात, आणि हे कळतं ते सरस लावून झाल्यावर, खाचेत शिरेनाशी झाली की.