बेळगावातल्या शहापूरच्या गल्ल्यांतला हेरिटेज वॉक: आठ महिन्यांत पाच फेऱ्या केल्यावर

"आपल्याच गावात हिंडायला तीनशे रुपये?" सासूबाईंनी विचारलं तेव्हा मला उत्तर सुचलं नव्हतं. माझं माहेर वडगाव, सासर अनगोळ, दोन्ही बेळगावातच. लग्नाचा बस्ता असो नाहीतर जुनं सोनं मोडून नवीन करायचं असो, शहापूर आमच्या पायाखालचं. तरी जूनमध्ये मैत्रिणीच्या आग्रहाने गेले आणि जानेवारीपर्यंत पाच वेळा जाऊन आले. पहिल्या फेरीनंतर लगेच लिहिलं असतं तर हा अनुभव बराच वाईट उतरला असता. तसं झालं नाही ते बरं झालं, म्हणून आता सविस्तर लिहिते.

महिन्यातून एका रविवारी सकाळी साडेसहाला कपिलेश्वर देवळापाशी जमायचं. तिथून रेल्वेच्या पलीकडे शहापुरात शिरायचं. सराफ, मूर्तिकार, पेटी म्हणजे हार्मोनियम दुरुस्त करणारा कारागीर, देखावे रंगवणारे, शेवटी विणकराचं घर, असे पाच-सहा थांबे आणि अडीच तासांची चाल. पुलावरून शहराकडे परतल्यावर चहा आणि कुंदा, आपली बेळगावी मिठाई. फेरी कधी मराठीत होते, कधी कन्नडमध्ये. आपल्या गावात हे असंच असायला हवं, आणि ते करणाऱ्यांचं मला पहिल्यापासून कौतुक वाटलं.

शहापूर हे बेळगावचं उपनगर आहे असंच आम्ही लहानपणापासून धरून चाललो. पण 1948 पर्यंत ते सांगलीच्या पटवर्धनांच्या संस्थानात होतं. अलीकडे इंग्रजांचं बेळगाव आणि त्यांची छावणी, पलीकडे संस्थानी पेठ. सराफ, व्यापारी, विणकर, सगळे तिथे दाटीने वसलेले. आळवण गल्ली हे नाव मी हजार वेळा उच्चारलं असेल, पण आळवण म्हणजे लाल कापड हे त्या नावाशी कधी जोडलंच नव्हतं. पहिल्याच फेरीत मिळालेली ही एक चांगली गोष्ट.

बाकी पहिली फेरी फसली. नेहमीचे मार्गदर्शक आले नव्हते, त्यांच्या जागी एक तरुण मुलगा होता. खांद्याला अडकवलेल्या स्पीकरवरून तो मोठमोठ्याने बोलत होता. रविवारी सकाळी लोक झोपलेले, दारात रांगोळी घालणारी बाई दचकून वर बघतेय, आणि आम्ही चोवीस जण तिच्या उंबऱ्यासमोर उभे. मला फार संकोच वाटला. नोंदणी करताना पंधराच माणसं घेऊ असं सांगितलं होतं. माहितीतही दोन मोठ्या चुका होत्या. कुमार गंधर्वांचा जन्म याच भागातला, असं त्याने एका वाड्याकडे बोट दाखवून सांगितलं. त्यांचा जन्म 8 एप्रिल 1924 चा, बेळगावजवळच्या सुळेभावीतला, हे इथल्या संगीतप्रेमी घरांत पोरासोरांनाही ठाऊक असतं. दुसरी चूक किर्लोस्करांची. नाटकवाले अण्णासाहेब आणि कारखानदार लक्ष्मणराव या दोघांचा त्याने एकच माणूस करून टाकला.

हा घोळ इथे अनेकांचा होतो, कारण दोघंही गुर्लहोसूरचे. अण्णासाहेब 1843 चे, मराठी संगीत नाटकाला त्यांनी 1880 मध्ये उभं केलं. लक्ष्मणराव 1869 चे. त्यांनी 1888 मध्ये बेळगावात सायकलींचं दुकान काढलं आणि पुढे 1910 मध्ये किर्लोस्करवाडीला गेले. मी घरी येऊन हे सगळं नीट लिहून आयोजकांना पाठवलं. उत्तर दुसऱ्याच दिवशी आलं, आभार मानून, पुढच्या वेळी फुकट या म्हणून. फुकट गेले नाही, पण गेले. जुलैच्या फेरीत दोन्ही चुका दुरुस्त झालेल्या होत्या. इतकंच नाही, नेहमीच्या मार्गदर्शकांनी त्यात भर घातली. लक्ष्मणराव मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत चित्रकला शिकायला गेले होते, पण त्यांना रंग नीट ओळखता येत नाहीत हे लक्षात आल्यावर ते यांत्रिक आरेखनाकडे वळले. कलाकारांच्या गल्ल्यांतून फिरताना हे ऐकलं आणि मला त्या सायकलींच्या दुकानाकडे वेगळ्याच नजरेने बघावंसं वाटलं.

जुलैची फेरी गणपतीच्या तोंडावरची होती. मूर्तिकारांच्या शाळेत, म्हणजे मूर्ती घडवतात त्या जागेत, पाऊल ठेवायला जागा नव्हती. खालच्या ओळीत शाडूच्या ओल्या मूर्ती, मागे पांढरा हात दिलेल्या, वर फळीवर पीतांबर रंगवून झालेल्या. आम्ही गेलो तेव्हा घरातले सर्वांत वयस्कर काका डोळ्यांच्या आखणीला बसले होते. बाकी रंगकाम पोरं करतात, सुना करतात, आखणी मात्र तेच करतात. मार्गदर्शकांनी आम्हाला दारातच थांबवलं आणि बोलणं बंद केलं. कुंचल्याला चारच केस असावेत असं वाटत होतं. काकांनी श्वास रोखला, डावा हात मूर्तीच्या कपाळाला हलकेच टेकवला आणि एका ओढीत वरची पापणी आखली. मातीचा गोळा आमच्याकडे बघायला लागला. माझ्या अंगावर काटा आला, आणि तेवढ्यात मागून कुणाच्या तरी मोबाईलचा फ्लॅश चमकला. काकांनी कुंचला खाली ठेवला, काही बोलले नाहीत, उठून आत पाणी प्यायला गेले. त्या क्षणी मला त्या फोनवाल्याचा जितका राग आला तितका गेल्या कित्येक वर्षांत कुणाचा आला नसेल. पुढच्या फेरीपासून शाळेच्या दारात फोन पिशवीत टाकायचा नियम झाला. मला तो अजून अपुरा वाटतो. चतुर्थीआधीच्या पंधरा दिवसांत त्या घरात बाहेरची माणसं नेऊच नयेत. त्यांच्या वर्षभराच्या कमाईचे ते दिवस असतात.

देखाव्यांच्या थांब्यावर मी फार रेंगाळत नाही, कारण ते माझ्या अंगातच आहे. आपल्याकडे शिवजयंती वैशाखातली, आणि चित्ररथांच्या मिरवणुकीला रात्र अपुरी पडते. मी सातवीत असताना हिरकणी झाले होते. ट्रॉलीवर पोत्याचा कडा, त्याला निळा-काळा रंग, आणि मी पहाटे तीनपर्यंत त्याला लटकून. तो कडा रंगवणाऱ्याचं नाव मला तेव्हाही माहीत नव्हतं. असे पडदे रंगवणारे एक गृहस्थ या वॉकमध्ये भेटतात. त्यांच्याशी बोला, घाई करू नका.

चित्रकलेचा विषय मात्र या फेरीत उडत उडत येतो, ही माझी तक्रार आहे. के. बी. कुलकर्णी सरांनी या गावात चित्रकारांच्या पिढ्या घडवल्या. रवी परांजपे त्यांचेच विद्यार्थी. टिळकवाडीत वरेरकर नाट्य संघात सरांच्या नावाचं कलादालन आहे. वाटेपासून ते लांब पडतं हे कळतं, पण त्यांची दोन-तीन चित्रं तरी छापून सोबत आणावीत. नुसतं नाव घेऊन पुढे जाणं बरं वाटत नाही.

पेटीचा थांबा मला प्रत्येक वेळी नवा वाटला. अरुंद खोली, भिंतीला टेकवलेले भाते, पत्र्याच्या डब्यात सूर देणारी पितळी पाती. कारागीर एक पातं चिमटीत धरून दाखवतात: टोकाकडे किंचित घासलं की सूर चढतो, बुडाकडे घासलं की उतरतो. बस, एवढ्याशा घासण्यावर सगळं. पावसाळ्यात लाकूड फुगतं, पट्ट्या अडकतात, म्हणून श्रावणात त्यांच्याकडे रांग असते. मग ते पेटीवादक रामभाऊ बिजापुरे यांच्याबद्दल सांगतात. रामभाऊ 1917 साली कागवाडला जन्मले, 1938 मध्ये त्यांनी बेळगावात संगीत विद्यालय काढलं आणि 2010 मध्ये जाईपर्यंत हजारो जणांना शिकवलं. दोनच वर्षांत, 1940 मध्ये, आकाशवाणीने पेटीवर बंदी घातली. या वाद्यात मींड (एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत जाणं) निघत नाही, श्रुती (सुरांमधले बारीक फरक) निघत नाहीत, म्हणून. ही बंदी जवळपास तीस वर्षं टिकली. रेडिओवर पेटी नाही, आणि इथे या गावात मात्र संध्याकाळी घराघरांतून पेटी ऐकू येते, हे चित्र माझ्या डोळ्यांसमोरून हलत नाही. रामभाऊ गायक रामकृष्णबुवा वझे यांच्याकडे गाणं शिकले होते. गळ्याला काय हवं ते बोटांना कळायचं ते त्यामुळेच, असं कारागीर सांगतात आणि भाता धरून एक यमनाची ओळ वाजवतात. बंदीमागचा आक्षेप खरा असूनही ती ओळ ऐकताना काही कमी आहे असं वाटत नाही.

आता चौथी फेरी. डिसेंबरमध्ये मी बाबांना घेऊन गेले. बाबांनी वडगावात पस्तीस वर्षं माग चालवला. आधी खड्ड्यातला हातमाग, नंतर मालकाचे यंत्रमाग. गुडघे गेले, कानही बरेच गेले. यंत्रमागाच्या खोलीत आयुष्य काढलेल्या माणसाचे कान जातातच. ते यायला तयार नव्हते. "त्यात काय बघायचं गे? जन्मभर तेच की," म्हणाले. सगळं चालणं झेपणार नाही म्हणून आयोजकांना विचारलं, तर त्यांनी बाबांना रिक्षाने थेट विणकराच्या घरी यायला सांगितलं. ही सोय त्यांनी आपणहून सुचवली, हे मुद्दाम लिहिते.

आम्ही पोचलो तेव्हा बाबा आधीच आत बसून विणकर काकांशी कन्नडमध्ये गप्पा मारत होते. "आराम अदीरी?" (बरे आहात ना?) पासून सुरुवात होऊन कुणाचा माग कधी विकला इथपर्यंत पोचले होते. मार्गदर्शक आम्हाला समजावू लागले की विणकर दोरी ओढतो, आडवा धागा नेणारा धोटा या टोकापासून त्या टोकाला जातो आणि कापड तयार होतं. बाबांनी हात वर केला. "तसं काय सांगूलास गा? धोटा जायच्या आधी पाय बोलतो." आणि ते उठले. विणकर काकांनी जागा दिली. बाबा खड्ड्यात पाय सोडून बसले, ज्या गुडघ्यांनी घरचे दोन जिने चढवत नाहीत त्या गुडघ्यांनी. पायाखालची पावडी दाबली, ताण्याचे म्हणजे उभे अर्धे धागे वर गेले, मधे वाट उघडली, मग दोरीला झटका, धोटा पलीकडे, फणी ठोकली, दुसरी पावडी. तीन-चार वेळा चुकलं. मग लय लागली. खट, खटक, खट, खटक. मी लहानपणी त्या आवाजात झोपायची. आई पलीकडे धाग्याच्या कांड्या भरत असायची. चौदा अनोळखी माणसांसमोर मला रडू आवरलं नाही.

थांबल्यावर बाबांनी काठाचा धागा चिमटीत धरून सांगितलं, की काठ सरळ राहतो तो हातामुळे नाही, दोन्ही पायांचा जोर सारखा पडतो म्हणून. एका पायाने लंगडणारा माणूस दहा वारांत काठ वाकडा करतो. हे आम्ही कुणीच, मीसुद्धा, कधी ऐकलेलं नव्हतं. मी त्यांना कधी विचारलंच नव्हतं.

जानेवारीत मार्गदर्शकांनी पायांपासूनच सुरुवात केली. बाबांचं नाव न घेता, पण "एका जुन्या विणकरांनी आम्हाला शिकवलं" असं सांगून. सांगितलेलं ऐकतात आणि बदलतात, हा या मंडळींचा गुण मी सर्वांत वर ठेवते.

ज्याची चीड येते तेही सांगते. तीनशे रुपयांतले किती त्या विणकराला, त्या पेटीवाल्यांना जातात, हे तीनदा विचारल्यावर कळलं: प्रत्येक थांब्याला ठराविक मानधन आहे. मग ते आधीच सांगा की. माणसं मोकळ्या मनाने येतील, आणि कारागिरांच्या हातात नोटा कोंबण्याचा ओशाळवाणा प्रकारही थांबेल. दुसरं, अडीच तासांत बायकांसाठी स्वच्छतागृहाची सोय कुठेही नाही. पेटीवाल्यांच्या घरच्या बाई आपणहून विचारतात, म्हणून निभावतं. पावसाळ्यात गटारांवरच्या फरशा निसरड्या असतात, चपला बघून घाला. आणि तो स्पीकर अजून पूर्ण बंद झालेला नाही.

जायचं असेल तर नोव्हेंबर ते जानेवारीत जा. दहा वर्षांवरच्या मुलांना न्या. घरात कुणी माग, रंधा, कुंचला, पेटी, काहीही चालवलेलं म्हातारं माणूस असेल तर त्यांना नक्की न्या, रिक्षाची सोय होते. चहा साधा आहे, कुंदा उत्तम.

आयोजकांनी बाबांना दर महिन्याला पंधरा मिनिटं यायला सांगितलंय, मानधनासकट. बाबांनी आधी नाही म्हटलं, मग दोन दिवसांनी जेवताना म्हणाले की त्या मागाची धोट्याची दोरी झिजलीय, त्यावर दाखवण्यात अर्थ नाही. शनिवारी अर्धी रजा काढून आम्ही दोघं दोरी आणायला जाणार आहोत.