चोकेकिराओचा पाच दिवसांचा ट्रेक: आठ महिन्यांनी लिहिलेला अनुभव

गेल्या जुलैत मी आणि माझी मावसबहीण पेरूमधल्या चोकेकिराओला चालत जाऊन आलो. कुस्कोतल्या एका कंपनीचा गाइडसह ट्रेक घेतला होता. आल्या आल्या लिहिलं असतं तर अर्धं लिखाण रागात झालं असतं. आता पैशांचा विषय मिटलाय, पायांवरचे डाग गेलेत, आणि काय खरंच मोलाचं होतं ते नीट कळतंय. म्हणून आत्ता लिहितेय.

ज्यांना वाचायला वेळ नाही त्यांच्यासाठी आधीच सांगते. जा, नक्की जा. पण चार दिवसांचा घेऊ नका, पाच दिवसांचाच घ्या, आणि त्या पाचही दिवसांत गाइड तुमच्याबरोबर असणार का, हे पैसे भरण्याआधी लिहून घ्या.

चोकेकिराओ हे इंकांचं डोंगरावरचं नगर. आपुरिमाक नदीच्या दरीवर, एका सोंडेवर, समुद्रसपाटीपासून साधारण 3,050 मीटरवर. इंकांच्याच प्रसिद्ध माचू पिक्चूला रेल्वे आहे, बस आहे. इथे यायला फक्त पाय किंवा खेचर. अमेरिकी संशोधक हायरम बिंगहॅम 1911 मध्ये माचू पिक्चूला पोचला हे सगळ्यांना माहीत असतं. तो त्याच्या दोन वर्षं आधी, 1909 मध्ये, इथे येऊन गेला होता. त्याच्याही आधी, 1834 मध्ये, सार्तीज नावाचा फ्रेंच माणूस झाडी तोडत इथवर पोचला होता. आजही निम्म्याहून जास्त नगर झाडीखाली आहे. चालताना गाइड मध्येच थांबून रानाकडे बोट दाखवायचा आणि म्हणायचा, ही भिंत आहे. आधी काही दिसायचं नाही. मग एक सरळ रेघ दिसायची आणि अंगावर काटा यायचा.

आमची सवय सह्याद्रीची. दर रविवारी सिंहगड, पावसाळ्यानंतर राजगड-तोरणा, दोनदा हरिश्चंद्रगड. त्या जोरावर आम्ही निघालो, आणि ती तयारी पुरली, पण जेमतेम. आपल्याकडे चढ आधी येतो आणि उतार नंतर. इथे उलटं आहे. कापुलियोकची खिंड 2,900 मीटरवर, तिथून सुरुवातच उताराने होते आणि थेट नदीपर्यंत, म्हणजे 1,500 मीटरपर्यंत उतरायचं. मग पूल ओलांडून समोरचा डोंगर जवळजवळ तेवढाच चढायचा. परतताना तेच सगळं पुन्हा. आतकरवाडीतून सिंहगड चढतो, त्याच्या साधारण दुप्पट हा एकेक टप्पा. गुडघ्यांचं काम उतारावर असतं, त्यामुळे दोन काठ्या हव्यातच. एक काठी घेऊन आलेली माझी बहीण दुसऱ्या दिवशी खेचरवाल्याकडून बांबूची काठी मागून चालत होती.

उंचीची भीती सगळे घालतात. कुस्को 3,400 मीटरवर आहे, म्हणजे ज्या अवशेषांसाठी एवढं चालायचं त्यांच्याहून वर. डोकं दुखलं, धाप लागली ती कुस्कोतच, पहिले दोन दिवस. तिथे तीन रात्री काढल्या आणि ट्रेकमध्ये उंचीचा त्रास अजिबात झाला नाही. त्रास झाला तो उन्हाचा. दरीच्या तळाशी निवडुंग, काटेरी झुडपं आणि तापलेला दगड. जुलै म्हणजे तिथला हिवाळा, तरी दुपारी बारा ते तीन चालणं अवघड होतं. गाइड पहाटे चारला उठवायचा तेव्हा जड जायचं, पण तो अगदी बरोबर होता.

आणि चिलटं. नदीकाठी प्लाया रोसालिना नावाची जागा आहे, तिथे आणि चिकिस्काच्या तळावर ती तुटून पडतात. गाइडने त्यांचं केचुआ, म्हणजे तिथल्या स्थानिक भाषेतलं, नाव सांगितलं, पुमावाकाची, म्हणजे पुमाला रडवणारी. चावतात तेव्हा कळत नाही. रात्री खाज सुटते आणि रक्ताचे बारीक ठिपके दिसतात. माझ्या पोटऱ्यांवरचे डाग दिवाळीपर्यंत होते. पूर्ण बाह्या, लांब पँट, मोज्यांच्या आत खोचलेली, आणि मलम दर दोन तासांनी. उकडलं तरी चालेल.

आता जेवण, कारण आम्ही दोघी शाकाहारी आणि आपल्याकडे पहिला प्रश्न तोच असतो. आचारी केवळ उत्तम होता. किन्वाचं सूप, बटाट्याचे दर वेळी वेगळे प्रकार, भात, अंडी, अव्होकाडो, चारच्या चहाला गरम लाह्या. मुन्या नावाच्या डोंगरी पुदिन्याचा काढा जेवणानंतर. बरोबर मेतकूट आणि शेंगदाण्याची चटणी नेली होती. दुसऱ्या रात्री ती चटणी आचाऱ्याला दिली. त्याने चाखली आणि शेंगदाणा लगेच ओळखला. ओळखणारच, शेंगदाणा मुळात दक्षिण अमेरिकेतलाच. बटाटा तर त्यांच्याच डोंगरातला. कुस्कोच्या बाजारात किविचाच्या वड्या घेतल्या होत्या, तोंडात टाकल्या तर तो आपला राजगिरा, त्याच कुळातला. उपासाच्या ताटातलं निम्मं सामान इथलं आहे हे पुस्तकात वाचलं होतं. त्या तंबूत बसून ते पहिल्यांदा खरं वाटलं.

पहिला दिवस बराचसा गाडीतच जातो, कुस्कोहून चार-पाच तास. वाटेत कुरावासी गाव लागतं, तिथे अनिसची शेती आहे आणि खिडकी उघडली की बडीशेपेसारखा वास येतो. कापुलियोकला दरीवर कोंडोर, म्हणजे तिथली प्रचंड गिधाडं, घिरट्या घालताना दिसले. दुसऱ्या दिवशी नदी ओलांडून चढत संध्याकाळी मारांपाता गाठलं. ही मोजक्या घरांची वस्ती, 2,850 मीटरच्या आसपास. गॅसची टाकी, पिठाचं पोतं, पत्रा, सगळं खेचराच्या पाठीवरून आलेलं. त्यामुळे तिथे पाण्याची बाटली महाग आहे म्हणून कुरकुर करू नका. तेवढंच ओझं पाठीवर घेऊन ती दरी एकदा चढून बघावी, म्हणजे भाव योग्यच वाटतो.

इथवर सगळं छान होतं. गोंधळ या रात्री कळला.

आमच्या गटात आणखी दोघं होते, एक परदेशी जोडपं. त्यांनी चार दिवसांचा ट्रेक घेतला होता, आम्ही पाच दिवसांचा. कंपनीने दोन्ही बुकिंगं एकत्र करून एकच गाइड दिला होता. म्हणजे तिसऱ्या दिवशी दुपारी बाराला गाइड त्या दोघांना घेऊन खाली निघणार, आणि आम्ही उरलेला वेळ आचारी आणि खेचरवाल्याबरोबर. चौथ्या दिवशी संध्याकाळी तो चिकिस्काला आम्हाला भेटणार. म्हणजे पाच दिवसांतला दीड दिवस गाइडशिवाय, तोही जिच्यासाठी इतके पैसे दिले त्या जागेवर. गाइडलाही हे आदल्या रात्रीच कळलं होतं आणि सांगताना त्याला आमच्याकडे बघवत नव्हतं. त्याच्यावर मी कधीच रागावले नाही.

त्याने त्या सकाळी मिळालेल्या साडेतीन तासांत जे दाखवलं, ते एकट्याने फिरून कधीच दिसलं नसतं. तो केचुआ बोलणाऱ्या घरातला. भिंतीजवळ नेऊन त्याने हात लावायला सांगितला. माचू पिक्चू ग्रॅनाइटचं. तो दगड कोरला, घासला की जोडात सुरीचं पातंही जात नाही. इथला दगड थरांचा, ठिसूळ, तो तसा घडवता येत नाही. म्हणून इथे लहानमोठे दगड मातीत बसवलेत आणि वरून मातीचा गिलावा दिलेला असायचा. काही कोनाड्यांत त्या गिलाव्याचे तुकडे अजून आहेत. मी आधी फोटो पाहून म्हणत होते की हे बांधकाम जरा ओबडधोबड दिसतंय. ते मत तिथेच गळून पडलं. हाताशी असलेल्या दगडात जे जमेल ते त्यांनी केलं, आणि त्या दगडात यापेक्षा जास्त जमणारच नव्हतं. मग वरच्या चौकातून खालच्या चौकाकडे येणारा दगडी पाट दाखवला. शेवटी उश्नूवर नेलं. उश्नू म्हणजे डोंगराचा माथाच कापून सपाट केलेला, भोवती दगडांचं कडं. तिथे उभं राहिलं की तिन्ही बाजूंना दरी आणि खाली आपुरिमाकचा आवाज. आपुरिमाक म्हणजे बोलणारा देव. ॲमेझॉनचा सगळ्यात लांबचा उगम याच नदीच्या खोऱ्यात मानतात.

बाराला तो गेला. पण जाताना त्याने मारांपातामधल्या एका बाईंना निरोप धाडला होता. त्या साडेबाराला आल्या, डोक्यावर हॅट, पाठीवर रंगीत गाठोडं. आम्हाला मामीता म्हणाल्या, आम्ही त्यांना सेन्योरा. माझी बहीण दोन वर्षं स्पॅनिश शिकतेय, तेवढ्यावर भागलं. त्या आम्हाला लामांच्या पायऱ्यांकडे घेऊन गेल्या. लामा म्हणजे तिथला उंटाच्या कुळातला लोकरी प्राणी.

चार दिवसांचा ट्रेक घेऊ नका म्हणते ते या जागेसाठी. नगराच्या मागच्या उतारावर, अगदी तीव्र, शेतीच्या दगडी पायऱ्या खाली उतरत जातात. त्यांच्या काळपट भिंतींत पांढरे दगड बसवून लामा काढलेत. वीसहून जास्त, रांगेने, काही मोठे, काही पिल्लं. इंकांनी भिंतीत अशी चित्रं काढल्याचं दुसरीकडे दिसत नाही. आणि हे लामा झाडीखालून वर आले ते अगदी अलीकडे, या शतकाच्या पहिल्या दशकात. बिंगहॅम इथे आला, राहिला आणि गेला. हे त्याच्या पायाखाली होते. तिथे उतरायला आम्हाला पाऊण तास लागला आणि चढून यायला दीड. सकाळच्या घाईत ते कसं बसणार? ते जोडपं लामा न पाहता परत गेलं, याचं मला आजही वाईट वाटतं.

उतार पश्चिमेकडचा, त्यामुळे दुपारचं ऊन थेट त्या भिंतींवर. आम्ही दीड तास नुसत्या बसलो. सेन्योरा सूत कातत होत्या.

त्या रात्री मारांपाताला आकाश उघडं होतं. सेन्योरांनी दक्षिणेकडे हात करून आकाशगंगेतला काळा पट्टा दाखवला. तिथली माणसं ताऱ्यांबरोबरच मधल्या काळोखातही आकार पाहतात, आणि तो काळोख म्हणजे लामा. तिचे डोळे म्हणजे दोन ठळक तारे. मी पाहिलं आणि ओळखलं: नरतुरंगातले मित्र आणि मित्रक. मे महिन्यात सिंहगडावरून ते क्षितिजाला टेकलेले दिसतात, धुरकट हवेत दिसले तर दिसले. इथे ते उंच होते आणि लामा पूर्ण दिसत होती, मानेसकट. दुपारी भिंतीत पाहिलेली तीच रात्री डोक्यावर, आणि एकाच बाईंनी दोन्ही दाखवली.

पुढचे दोन दिवस पटकन सांगते: उतार, नदी, चढ, ऊन. शेवटच्या पहाटेचा चिकिस्का ते कापुलियोक चढ सगळ्यात कठीण. पाय आधीच संपलेले असतात.

परत आल्यावर कंपनीला शांतपणे पत्र लिहिलं. पहिलं उत्तर गुळमुळीत होतं. मग पाच दिवसांच्या गाइडचा उल्लेख असलेली त्यांचीच ईमेल जोडून पाठवली. सप्टेंबरअखेर माणशी 90 डॉलर परत आले. आम्ही 520 भरले होते. रक्कम मला ठीक वाटली. त्यातले निम्मे गाइडला पाठवले.

जे आठ महिन्यांनी टिकलंय त्याबद्दल थोडं. बुटांचा तळ त्या उतारांनी निम्मा झिजवला, तरी ते अजून सिंहगडला चालतात. घोटा वर झाकणारे घेतले ते बरं केलं. उजवा गुडघा ऑक्टोबरपर्यंत जिना उतरताना दुखायचा. फिजिओथेरपीनंतर बरा आहे. चाळिशीपुढच्यांनी निदान तीन महिने मांड्यांचे व्यायाम करूनच जावं. आणि जाण्याआधी पिवळ्या तापाची लस घ्या, प्रवासाच्या दहा दिवस आधी तरी. पेरूहून भारतात परतताना तिचं प्रमाणपत्र मागतात आणि नसेल तर विमानतळावरून थेट विलगीकरणात ठेवू शकतात. ट्रेकच्या कंपन्या हे सांगत नाहीत, कारण त्यांचे बहुतेक ग्राहक दुसऱ्या देशांतले.

माचू पिक्चूला चालत जाण्याची जी प्रसिद्ध वाट, त्या इंका ट्रेलला दिवसाला 500 माणसांची मर्यादा असते, त्यात हमालही आले, आणि परवाना महिनोन् महिने आधी काढावा लागतो. इथे तशी मर्यादा नाही, तरी तिसऱ्या दिवशी अख्ख्या नगरात आम्ही मोजून एकोणीस माणसं होतो. दरीवरून केबल कार नेण्याचं बरीच वर्षं बोललं जातंय. मारांपातात त्यावर एकमत नाही. खेचरवाल्याला ती नकोय, त्याच्या मुलीला हवीय, कारण आजारी माणसाला दवाखान्यात न्यायचं तर हीच दरी ओलांडावी लागते. मला स्वतःला ती होऊ नये असं वाटत होतं. तिचं ऐकल्यावर तसं म्हणायचा मला हक्क वाटत नाही.

बहिणीचा मुलगा मे महिन्यात जातोय, दुसऱ्या कंपनीबरोबर, पाच दिवसांचा, गाइडबद्दल लेखी घेऊन. लामांसमोर सूत कातत बसलेल्या सेन्योरांचा एक फोटो मी काढला होता. तो कागदावर हवाय असं त्या म्हणाल्या होत्या, आणि तिथे टपाल पोचत नाही. मोठा छापून घेतलाय, दोन प्लास्टिकच्या पिशव्यांत घालून त्याच्या सामानात दिलाय. खेचराच्या ओझ्यात टाकायचा नाही, स्वतःच्या पाठीवरच न्यायचा, असं त्याला बजावलंय.